यमुनाबाईंनी यंत्रासाठी पाहिलेले स्थळ

तक्रारदार : मी, खाली सही करणारा. व्यवसाय अर्जलेखन. बसण्याची जागा भिवंडीच्या तहसील कचेरीसमोर, पिंपळाखाली.

जिच्याविरुद्ध तक्रार : सौ. यमुनाबाई बळीराम पाटील, राहणार खारबाव, माहेर दिघाशी, सध्या मुक्काम सांगली.

घटनेचा काळ : गेल्या साली गणपती विसर्जनानंतरच्या आठवड्यापासून खंडेनवमीच्या दुपारपर्यंत.

घटनास्थळ : खारबाव रस्त्यावरील बळीराम पाटील यांचा कारखाना, तसेच वडपे येथील एक गोदाम.

साक्षीदार : बळीराम पाटील, पती, परंतु ते बोलत नाहीत. पल्लवी, सदर बाईंची भाची, तंत्रशिक्षण संस्थेत शिकवते. सलीमभाई, भंगाराचे व्यापारी. हे जरुरीपेक्षा जास्त बोलतात.

तक्रारीचा विषय : सदर बाई आपल्या कामाचा वारस न नेमता भिवंडी सोडून गेल्या.

कारणे येणेप्रमाणे.

सौ. यमुनाबाई या आमच्या भागातील नामांकित लग्न जुळवणाऱ्या बाई. खारबावपासून दिघाशीपर्यंत आणि पलीकडे डोंगरातल्या पाड्यांपर्यंत त्यांनी जुळवलेली जोडपी नांदत आहेत. बाईंची उंची बेताची, अंग भरलेले, चष्मा दोरीने गळ्यात अडकवलेला आणि हातात अडकित्ता. सुपारी त्या क्वचितच खात. कातरत मात्र सतत. समोरचा बोलत असताना अडकित्त्याचा आवाज संथ चालू राहिला, तर बोलणे पसंत आहे असे समजावे. आवाज थांबला, की त्याने आपलेच वाक्य पुन्हा तपासावे. त्यांच्या यजमानांच्या कारखान्याच्या वीजजोडणीचे सर्व अर्ज मी लिहीत आलो. माझे शाळेतले शिक्षण नववीत थांबले असले तरी भाषेचे थांबलेले नाही, हे या मजकुरावरून कोणाच्याही ध्यानी येईल. असे असूनही माझ्या कित्येक वाक्यांवर तो अडकित्ता थांबलेला आहे.

नम्रतेशी त्यांचा परिचय नव्हता. "माझ्यासारी नजर तालुक्यात न्हाय," हे त्या ओळख होताच सांगून टाकीत, म्हणजे पुढच्या माणसाचा शोध घेण्याचा वेळ वाचे.

मुलगा पाहायला त्या ठरलेल्या दिवशी कधीही जात नसत. "ठरवलेल्या दिवशी म्हस पन अंघोळ करून बसते," असे त्यांचे म्हणणे. त्या भाताच्या झोडणीच्या दिवशी जात, घरातले पाणी संपलेले असताना जात, पाहुणे उठता उठत नसताना जात. वडप्याचा एक मुलगा होता, गोदामात नोकरीला, बोलणे मऊ, गावात सर्वांचा आवडता. यमुनाबाईंनी त्याची मोटारसायकल एक दिवस मागून घेतली आणि संध्याकाळी तो मित्राच्या हळदीला निघण्याच्या बेतात असताना, टाकी रिकामी करून, बैठकीपर्यंत चिखलाने माखून परत धाडली. स्वतः शेजारच्या ओटीवर बसून राहिल्या. मुलगा आईवर ओरडला. एकदाच ओरडला, आणि लगेच ओशाळला.

"काकू, एरवी लई गुणाचा हाय वो," त्याची आई सांगू लागली.

"एरवीचं मना काय करायचंय?" यमुनाबाई म्हणाल्या. "एरवी तर सगलेच गुणाचे. पोरीला नवरा लागतो तो दूध उतू जाईल त्या दिवशी."

ते स्थळ मोडले. पुढे त्याच मुलाला त्यांनी दुसरी मुलगी पाहून दिली, त्याच्याहून मोठ्याने ओरडणारी. ते दोघे मजेत आहेत.

त्यांचे यजमान बळीरामभाऊ याच्या अगदी उलट. यंत्रमागांना लागणारी बिडाची, म्हणजे ओतीव लोखंडाची, दातेरी चाके बनवणे हा त्यांचा धंदा. मान हलवून होकार, मान न हलवून नकार, एवढ्यावर त्यांनी संसार आणि कारखाना दोन्ही चालवले. कारखान्यातली इतर यंत्रे साधी. परंतु एक मोठे मिलिंग मशीन, म्हणजे फिरत्या पात्याने धातू कोरणारे यंत्र, त्यांनी तरुणपणी मुंबईतल्या एका बंद पडलेल्या कारखान्याच्या लिलावातून आणले होते. ते स्वतःच हिशोब करून दाते पाडी. त्याचा हिशोब करणारा भाग शेजारच्या लोखंडी कपाटात होता आणि गणपती गेल्यानंतरच्या आठवड्यात ते कपाट आतून जळाले. बनवणाऱ्या कंपनीने कळवले, की इतक्या जुन्या कपाटाचे भाग आता मिळत नाहीत.

बळीरामभाऊंची एक रीत आमच्या भागात सर्वांस ठाऊक आहे. खंडेनवमीला ते बंद यंत्राला हार घालीत नाहीत. जे चालते त्याची पूजा. जे चालत नाही ते त्याच दिवशी दाराबाहेर. स्वतःच्या लाडक्या यंत्रालाही त्यांनी सवलत दिली नाही. सलीमभाईंना बोलावून त्यांनी खुणेनेच सांगितले, की खंडेनवमीच्या दुपारी क्रेन घेऊन या.

त्यानंतर ते रोज सकाळी त्या थंड यंत्रावर हात ठेवून उभे राहू लागले. यमुनाबाई दारातून पाहत. मला म्हणाल्या, "अर्जवाले, ते यंत्र गेलं का हा मानूस पन गेला समजा. जिता राहील, पन गेलेला." हे बोलताना त्यांच्या हातात अडकित्ता नव्हता.

पल्लवी पुढे आली ती इथे. तिने सांगितले, की जळलेल्या कपाटाच्या जागी साधा संगणक बसवता येतो. यंत्र हलवणाऱ्या विजेच्या नव्या मोटारी ती जोडून देईल, आणि यंत्र चालवणारे सॉफ्टवेअर मुक्त आहे.

मुक्त या शब्दाशी मी थबकलो. "ते कोणाच्या मालकीचे?" मी विचारले.

"कोणा एकाच्या नाही. जगभरच्या लोकांनी मिळून लिहिलंय. कोणीही उघडून बघावं, वापरावं, बदलावं."

"परवानगी?"

"लागत नाही, काका."

"लेखी लागत नाही, की तोंडीसुद्धा लागत नाही?"

"लागत नाही असं त्यांनी लिहूनच ठेवलंय."

लेखी आहे म्हटल्यावर माझे समाधान झाले. यमुनाबाईंचे माझ्या आधीच झाले होते. "म्हंजे गावकीच्या भांड्यांसारखं," त्या म्हणाल्या. "लग्नाला न्यायची, वापरायची, घासून परत ठेवायची. चेपलेलं दिसलं तर ठोकून द्यायचं."

"अगदी तसंच, आत्या," पल्लवी म्हणाली. "लोक ठोकून देतात म्हणूनच ते टिकलंय. आपल्याला फक्त संगणक नीट निवडायला हवा."

नेमक्या याच ठिकाणी, ज्यांच्यासारखी नजर तालुक्यात नाही अशा यमुनाबाईंच्या हातून चूक झाली. आणि ती आमच्याकडच्या सासूच्याच हातून होऊ शकते अशी चूक होती. बातमी सांगलीला, त्यांच्या मुलीच्या घरी पोहोचली. त्यांचे जावई राकेशराव मायाळू मनुष्य. ते आपला स्वतःचा लॅपटॉप घेऊन आले. चंदेरी, पातळ, सुरू करताच डोळे दिपवणारा. पल्लवी म्हणाली, आधी चाचणी घेऊ.

"जावयाच्या वस्तूची परीक्षा?" यमुनाबाईंनी तिला बाजूला ओढले. "दिघाशीला कललं तर मना तोंड दाखवायला जागा न्हाय."

चाचणी न घेताच लॅपटॉपला कुंकू लागले. तो यंत्राला जोडण्यासाठी पल्लवीला एक जादा कार्ड खोचावे लागले. यंत्र सुरू झाले, बिडाचा भुगा उडू लागला, राकेशराव फोनवर चित्रीकरण करू लागले. अर्धे चाक उत्तम झाले. मग यंत्राला जणू उचकी लागली. आम्हांपैकी कोणालाही ती ऐकू आली नाही, बळीरामभाऊंना आली. त्यांनी हात वर केला. चाक सोडवून त्यावरून अंगठा फिरवला, एका जाड दात्यावर थांबवला, चाक बाकावर ठेवले आणि ते बाहेर रस्त्यावर जाऊन उभे राहिले.

"संगणक मोटारीला एकेक ठोका देतो," पल्लवी समजावू लागली. "लूमवर धोटा जातो-येतो तसा, नेमका वेळेवर. धोटा उशिरा आला की धागा तुटतो, इथे ठोका उशिरा आला की दाता बिघडतो. लॅपटॉप मध्येच कोणाला न विचारता स्वतःची बॅटरी जपायला जातो. पापणी लवायच्या आत परत येतो, पण मोटारीला तेवढं पुरतं."

"पन तो तर लई जोरात पलतो म्हनं?"

"पळणं बघायचं नाही, आत्या. सरासरीसुद्धा बघायची नाही. कितीही गडबड असली तरी त्याच्याकडून जास्तीत जास्त उशीर किती होतो, तेवढा एकच आकडा बघायचा."

अडकित्ता थांबला. यमुनाबाईंनी भाचीकडे असे पाहिले, की जणू ती आजच जन्मली.

"आगं, मंग आधी का न्हाय बोललीस? ह्ये तर माझंच काम हाय."

जावयाची समजूत काढणे उरले होते. "जावईबापू," त्या म्हणाल्या, "तुमचा लॅपटॉप लई हुशार. त्याला मशीनवर उभा करायचा म्हंजे तुमाला झोडणीला उभं केल्यासारं होल."

राकेशराव हसले. "आई, नापास झाला म्हणा की सरळ."

"नापास न्हाय वो. त्याला घरजावई न्हाय करायचा, इतकंच."

लॅपटॉप ऑफिसात स्वच्छ फडक्यावर विराजमान झाला आणि चाकांचे नकाशे दाखवण्याचे मानाचे काम त्यास मिळाले.

वडप्याच्या एका गोदामाने आपले जुने संगणक काढून टाकले होते आणि ती सगळी रास सलीमभाईंनी उचलली होती. आम्ही पोहोचलो तेव्हा ते गोदामाच्या दारात राशीजवळ खुर्ची टाकून बसले होते.

"चाची, मशीन भी मेरे पास आनेवाली, कंप्यूटर भी मेरे. बीच में आप कौन?"

"मध्यस्थ," यमुनाबाई म्हणाल्या. "खुर्ची दे."

त्यांना खुर्ची मिळाली. पल्लवीने एकेक संगणक जोडून पेनड्राइव्हवरून चाचणी सुरू करण्यास आरंभ केला. पडद्यावर आकडे हलत. त्यांतला एक सर्वांत मोठ्या उशिराचा. तो फक्त वर चढे, खाली कधी येत नसे.

"बराबर," यमुनाबाईंनी शेरा दिला. "ओरडलेलं माघारी घेता येत न्हाय."

एकट्यात सारेच शांत होते. तेव्हा त्यांनी फर्मान सोडले, "आता घरात पाव्हणे सोडा." पल्लवीने गाणी लावली, खिडक्यांवर खिडक्या उघडल्या, त्या पडद्यावर इकडून तिकडे ओढल्या, मोठमोठ्या फायली हलवल्या. सलीमभाईंनी आपल्या आवडीची कव्वाली सुचवली. गोदामातले हमाल काम टाकून भोवती जमले. ज्यांची लग्ने बाईंनी जुळवली होती असे त्यांत बरेच निघाले आणि ते इतरांना रीत समजावून सांगू लागले.

एक काळा, उंच संगणक सलीमभाईंचा लाडका होता. "ये देखो चाची, हीरो है हीरो." हीरो कव्वाली सहन करून गेला, खिडकी ओढताच त्याचा आकडा टणकन उडाला. पल्लवीने त्याच्या आतल्या वीज वाचवण्याच्या सवयी बंद करून पाहिल्या. पुन्हा उडाला.

"हीरोला घाम फुटला," एक हमाल म्हणाला.

"पिक्चरमध्ये पाठवा त्याला," यमुनाबाई म्हणाल्या. "फुडचा."

पुढचा शांत होता, परंतु मोटारींच्या तारा लावण्यासाठी लागणारे जुन्या प्रिंटरचे रुंद तोंडच त्याला नव्हते. त्यापुढच्याला तोंड होते, डोके, म्हणजे आतली हिशोबाची चिप, नव्हते. दुपार झाली. राशीच्या तळातून एक बुटका डबा निघाला, एका कुशीला चेपलेला, धुळीने भरलेला, आणि माथ्यावर कोणा बाईने कधीतरी चिकटवून ठेवलेली लाल टिकली.

"इसको छोड़ो चाची. ये तो पर्ची छापने वाला डब्बा है."

"पावत्या छापत होता म्हणजे प्रिंटरचं तोंड असणार," पल्लवी वाकली. होते.

यमुनाबाई टिकलीकडे पाहत होत्या. "आता कललं," त्या म्हणाल्या. "आपण इतका वेल मुलगा शोधीत व्हतो. मशीन नवरा हाय. ही नवरी."

नवरीवर पाहुणे सोडले. गाणी, खिडक्या, फायली. आकडा थोडा चढला आणि थांबला. बाईंनी त्याच वीजफळीवर ग्राइंडर लावायला सांगितला. आकडा तिथेच. समोरून अवजड गाड्या नेल्या, पंखा बंद करून नवरीला उन्हाळा दाखवला, आकडा तिथेच. आम्ही जेवायला बसलो तरी चाचणी चालू होती. जेवून आलो तेव्हा सलीमभाई पडद्यासमोर स्वतः कव्वाली म्हणत होते आणि त्यांना या डब्याचा राग आलेला दिसत होता.

"किती म्हनते?" यमुनाबाईंनी विचारले.

"आत्या, एका सेकंदाचे लाख तुकडे केले, तर त्यातले एकदोन तुकडे उशीर. तोही सगळ्यात वाईट धरून."

यमुनाबाईंनी कातरलेल्या सुपारीतली एक फोड उचलून तोंडात टाकली. इतक्या वर्षांत त्यांना सुपारी खाताना मी प्रथमच पाहिले आणि स्थळ पसंत झाले हे समजलो.

"ले जाओ," सलीमभाई म्हणाले. "मशीन मेरे पास आएगी तब ये भी वापस आएगा."

"खंडेनवमीला ये तू," त्या म्हणाल्या. "क्रेन घेऊनच ये. जेवायला."

त्या दिवशी सलीमभाई खरोखर क्रेन घेऊन आले. दिलेला शब्द म्हणजे शब्द. क्रेन फाटकाशी उभी राहिली. आत बाकी सर्व यंत्रांना हार पडले होते. मोठे यंत्र तेवढे बोडके होते, आणि बळीरामभाऊ त्याच्याकडे पाठ करून उरलेला हार हातात धरून उभे होते. पल्लवीने तारा तपासल्या. चेपलेला डबा चालू झाला.

यमुनाबाईंनी इथेही दया दाखवली नाही. ग्राइंडर लावायला सांगितला, ऑफिसातल्या लॅपटॉपवर गाणी लावली, आम्हां सर्वांना मोठ्याने बोलण्याची आज्ञा केली. मी काय बोलावे हे न सुचून माझा ठरलेला मजकूर म्हणू लागलो, "महाशय, विनंतीपूर्वक अर्ज करण्यास कारण की." यंत्र चालू लागले. दाता पडला, दुसरा पडला, चाक फिरत राहिले. बळीरामभाऊंची पाठ आमच्याकडे होती, परंतु मान तिरकी झाली होती. ते ऐकत होते. शेवटचा दाता पडून यंत्र आपले आपण थांबले.

बळीरामभाऊ यंत्राशी आले. चाक सोडवले. अंगठा पहिल्या दात्यावर ठेवला आणि एकेक दाता चाचपत संपूर्ण चाक फिरवले. कुठेही थांबले नाहीत. मग उलट्या दिशेने पुन्हा फिरवले. यमुनाबाई चष्मा पुसत होत्या, आणि तो चष्मा पुसून संपेना.

बळीरामभाऊंनी यंत्राला हार घातला. थोडा विचार करून त्यातले एक झेंडूचे फूल तोडले आणि चेपलेल्या डब्यावर, टिकलीच्या शेजारी ठेवले. नंतर सलीमभाईंकडे वळून ते सर्वांच्या देखत बोलले.

"जेवायला बसा."

सलीमभाईंनी फाटकाकडे हात केला. "चाची, अब क्रेन का क्या करूँ?"

"चालते ना?" यमुनाबाई म्हणाल्या. "मंग तिला पन हार घाल."

क्रेनला हार घालण्यात आला.

यानंतर जे घडले त्यातूनच माझी तक्रार उद्भवते. बातमी पसरली. ज्यांची जुनी यंत्रे कोपऱ्यात पडून होती असे कारखानदार डबे काखोटीस मारून खारबावला येऊ लागले. बाईंनी कित्येक स्थळे जुळवली, काहींना दारातूनच परत लावले. आणि अशी ऐन लगीनसराई चालू असता, सांगलीला मुलीला कन्यारत्न झाले म्हणून त्या निघाल्या.

मी त्यांना शेवटचे पाहिले ते वडप्याच्या नाक्यावर. एका जमिनीच्या कामासाठी मी तेथे उभा होतो. राकेशरावांची मोटार वाहतुकीत अडकून माझ्यासमोर थांबली आणि मागची काच खाली झाली. "अर्जवाले, आमच्या मान्साला सांगा, नवरीला नेट जोडायचं न्हाय. कोनी सुधारायला आला तर हाकलायचा. चाललंय ते चालू दे." मी होय म्हणालो. पुढे त्या काही सांगणार, इतक्यात शेजारी एक टेम्पो येऊन उभा राहिला, पाठीमागे जुने संगणक रचलेला. बाई अर्ध्या खिडकीबाहेर आल्या. एक हात मोटारीच्या टपावर, दुसरा टेम्पोच्या फळीवर. "ए दादा, कुठं चाललेत हे? त्यो खालचा जरा फिरव बगू, पाठ दिसू दे त्याची." वाहतूक सुटली. मोटार पुढे गेली, टेम्पोही तिच्या बरोबरीने पुढे गेला, आणि दृष्टिआड होईपर्यंत बाईंचा तो हात फळीवरच होता.

तेव्हापासून बाई परत आलेल्या नाहीत. कारखानदार डबे घेऊन माझ्या टेबलाशी येतात आणि त्या कधी येणार असे विचारतात. माझ्या व्यवसायात त्यामुळे अडथळा होतो. दरम्यान बळीरामभाऊंनी दुसरे एक जुने मिलिंग मशीन घेतले आहे. मोटारी बसल्या, तारा ओढल्या, सर्व सिद्ध आहे. पल्लवीने स्वतः चाचणी घेऊन उत्तम आकड्याचा संगणक आणून ठेवला. त्यांनी तो लावू दिला नाही. पल्लवीने आकडा दाखवला, मी समजावले, सलीमभाईंनी दोन भाषांत समजावले. बळीरामभाऊ एवढेच म्हणाले, "ती बगंल."

सबब, यमुनाबाईंना या मजकुराद्वारे विनंती करण्यात येते, की नातीचे कौतुक यथास्थित आटोपून त्यांनी खारबावला परतावे. तूर्त शक्य नसल्यास निदान दिवस कळवावा. बळीरामभाऊ विचारीत नाहीत, परंतु रोज संध्याकाळी फाटकाशी उभे असतात, याची नोंद घ्यावी. उत्तर न आल्यास आम्ही तिघे, म्हणजे बळीरामभाऊ, सलीमभाई आणि मी, पल्लवीच्या पसंतीस आलेला संगणक मांडीवर घेऊन जातीने सांगलीस दाखल होऊ. त्या प्रसंगी आमच्या जेवणाची काय व्यवस्था राहील, याचाही खुलासा त्याच उत्तरात असावा आणि आम्हांस न्याय मिळावा.

अर्जदार,
पिंपळाखालील अर्जलेखक